समेट कशाचा?

आमच्या धर्मग्रामातील एक वयोवृद्ध हिंदू शेजारी परवा भेटीस आले. लेकीचा घटस्फोटाचा दावा कुटुंब न्यायालयाने मध्यस्थीकडे पाठविला होता. "फादर, मध्यस्थाने घर सांधायचे की मोडायचे?" त्यांनी विचारले.

विवाहबंधन अविच्छेद्य मानणाऱ्या आम्हांस याचे उत्तर सोपे वाटावे. पण ते तसे नाही. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याने, शक्य तेथे समेटाचा प्रयत्न करणे हे न्यायालयाचे कर्तव्य ठरविले. १९७६ साली त्याच कायद्यात परस्पर संमतीने विभक्त होण्याची वाट खुली झाली. वैवाहिक तंट्यांत मध्यस्थीचा मार्ग चोखाळावा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली सांगितले. मध्यस्थ निवाडा देत नाही. तेथील बोलणे गुप्त राहते आणि सही करणे न करणे उभयतांच्याच हाती असते.

म्हणूनच समेट म्हणजे पुनर्मीलनच, असे आम्हांस म्हणवत नाही. मार खाणाऱ्या स्त्रीला 'जमवून घे' म्हणणे ही शांती नव्हे. उलट पोटगी, स्त्रीधन, लेकरांचा ताबा यांविषयी सत्य बोलून दोघे वैराविना दूर झाले, तर तेथेही काही वाचले. वाटेतच प्रतिपक्षाशी सलोखा करा, असे प्रभू येशू सांगतात. अन्याय गिळा, असे सांगत नाहीत.

"काका, लेकीला आत एकटीने बोलू द्या," आम्ही म्हणालो.

ते बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "तिला आम्ही अजून विचारलेच नाही."