पाहणाऱ्याचा वाटा

धाडसाला साक्षीदार लागतो, ही गोष्ट नवी नव्हे. गावच्या विहिरीत उंचावरून उडी टाकणारा मुलगाही काठावर चार सोबती जमल्याखेरीज सहसा उडी टाकीत नसे. मात्र त्या सोबत्यांवर एक बंधन आपोआप येई : उडी फसली तर पाण्यात उतरण्याची पाळी त्यांचीच असे. आज मोबाइलवरील चित्रफितींमुळे मुलांच्या धाडसाला लक्षावधी साक्षीदार लाभले आहेत. पण त्यांपैकी कोणावरही पाण्यात उतरण्याची पाळी यावयाची नाही. अशा पाहणाऱ्यांकडे दोषाचा काही वाटा जातो की नाही, याचा विचार येथे करावयाचा आहे.

२०१६ साली ‘नर्व्ह’ नावाचा एक अमेरिकन चित्रपट आला. जीन रायन यांच्या २०१२ मधील कादंबरीवर तो आधारलेला आहे. त्यातील खेळात माणसांचे दोनच वर्ग : खेळणारे आणि पाहणारे. पाहणारे पैसे भरून आव्हाने देतात, खेळणारे ती पार पाडतात, आणि आव्हाने उत्तरोत्तर घातक होत जातात. शेवटी, एकाच्या जिवावर बेतले असता, टोपणनावांआड लपून कौल देणाऱ्या प्रेक्षकांची खरी नावे उघड होतात आणि ‘तुम्ही खुनातील साथीदार आहात’ असा ठपका त्यांच्या डोळ्यांपुढे उमटतो. मग ते भराभर खेळ सोडून जातात.

वास्तवात असा ठपका कोणाच्याच पडद्यावर उमटत नाही. मार्च २०२४ मध्ये मुंबईच्या शिवडी स्थानकात एका तरुणाने धावत्या लोकलला लटकून फलाटावर पाय घासत जाण्याची कसरत केली आणि तिचे चित्रण झाले. एप्रिलमध्ये मशीद स्थानकात अशीच कसरत करताना त्याचा एक हात व एक पाय गेला. शिवडीची चित्रफीत सर्वत्र पसरली ती मात्र जुलैमध्ये. तिचा माग काढीत रेल्वे सुरक्षा दलाचे जवान त्याच्या घरी पोहोचले, तेव्हा त्यांना अपंग झालेला तरुण दिसला. ज्या देहाची करामत लोक पाहत होते, तो देह त्या वेळी तसा उरलेलाच नव्हता.

‘आम्ही केवळ पाहिले’ हा पाहणाऱ्यांचा बचाव असतो. परंतु ही यंत्रणा आपण किती वेळ थांबलो, कोणाकडे धाडले, काय लिहिले, हे टिपून घेते आणि त्यावरून तीच चित्रफीत आणखी कोणापुढे मांडावयाची ते ठरविते. निषेधाचे चार शब्द लिहिणाराही नकळत तिच्या प्रसाराला हातभार लावतो. आम्ही राहतो त्या बेळ्ळंदूरच्या तलावाला २०१५, २०१७ व २०१८ या साली आग लागली. त्याचा पांढरा फेस उसळून रस्त्यावर येई आणि येणारेजाणारे थांबून त्याची छायाचित्रे घेत. शहराच्या सांडपाण्यातून व साबणाच्या चुऱ्यातून तो फेस उपजला होता. पाहावयास थांबलेल्यांपैकी कित्येकांच्या मोरीचे पाणी त्यात होते. पण फेस पाहताना आपली मोरी कोणास आठवते?

दोष दूरच्या कोणावर टाकता आला, म्हणजे मनास बरे वाटते. २०१७ साली ‘ब्लू व्हेल’ नावाच्या खेळाची देशभर धास्ती पसरली. मुलांच्या काही आत्महत्या त्याच्या माथी मारल्या गेल्या. पुढे २०१८ च्या आरंभी शासनाने लोकसभेत सांगितले की, चौकशीअंती त्यांपैकी एकाही घटनेशी त्या खेळाचा संबंध सिद्ध झाला नाही. परदेशी राक्षसाच्या शोधात त्या मुलांचे घरातील एकाकीपण मात्र पुष्कळांच्या नजरेतून निसटले असावे.

आमच्या वाचकांपैकी बहुतेकांची नोकरी बदलीची. दर तीन-चार वर्षांनी मुलांची शाळा बदलते, भाषा बदलते, जिवाभावाचे सोबती मागे राहतात. नव्या गावी ज्याला कोणी ओळखत नाही, अशा मुलाला हातातील मोबाइल एका रात्रीत सहस्र डोळे देऊ करतो. त्याला मोह पडला, तर नवल कसले? त्या वयाला कोणीतरी आपल्याकडे पाहावे असे वाटतेच, आणि त्यात गैर काही नाही. पण बघ्यांना केवळ खेळ हवा असतो. घरच्या माणसांना मूल हवे असते. घरी अशी नजर मिळाली, तर बाहेरच्या सहस्र डोळ्यांची ओढ पुष्कळ कमी होईल, अशी आमची धारणा आहे.

उरला प्रश्न आपल्या वाट्याचा. नस्तीवर ‘पाहिले’ असा शेरा मारून आद्याक्षरी करणाऱ्या अधिकाऱ्यास पुढे ‘मी नुसते पाहिले’ असे म्हणता येत नाही, हे आपणांस कोणी शिकवावयास नको. त्या एका शब्दाबरोबर जबाबदारी येते. कचेरीत आपण जो दंडक मानतो, तोच हातातील पडद्यापुढेही मानावा. परक्या मुलाच्या जिवावर बेतणारा खेळ समोर आला, तर तो न पाहता, न पुढे धाडता, बोट पुढे सरकवावे. एवढ्याने ते मूल वाचेलच असे नाही. पण काठावर उभे राहून ‘मार उडी’ म्हणणारांत आपण नव्हतो, एवढे तरी आपणांस खरेपणाने म्हणता येईल.