देशाच्या गरिबीपासून आपल्या श्रीमंतीपर्यंत

‘गुंतवणुकीवर काय वाचू?’ असं डोंबिवलीत कुणी विचारलं, की उत्तरं ठरलेली: ‘रिच डॅड पुअर डॅड’, ‘द सायकॉलॉजी ऑफ मनी’ आणि वरच्या इयत्तेसाठी बेंजामिन ग्रॅहमचं ‘द इंटेलिजंट इन्व्हेस्टर’. यादी वाईट नाही. पण पैशावरचं पुस्तक म्हणजे मी श्रीमंत कसा होईन याचं पुस्तक, ही समजूत अगदी अलीकडची.

लोकहितवादींचं अर्थशास्त्रावरचं ‘लक्ष्मीज्ञान’ 1849चं. त्यानंतर चारच वर्षांनी ठाण्याला आगगाडी आली. वाचनाची सोयही त्याच काळातली: कल्याणचं सार्वजनिक वाचनालय 1864चं, ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय 1893चं. त्या काळी अर्थशास्त्र लिहिणाऱ्यांना छळणारा प्रश्न होता, देश गरीब का? दादाभाई नौरोजींनी 1901मध्ये त्याचा हिशेबच मांडला. बाबासाहेब आंबेडकरांचा रुपयावरचा ग्रंथ 1923चा, तोही चलनाच्या धोरणाबद्दल. खरं तर अमेरिकेतून परतल्यावर बाबासाहेबांनी शेअर-सल्ल्याचा व्यवसायही करून पाहिला होता. सल्लागाराची जात कळली आणि गिऱ्हाईकं तुटली. बाजाराला फक्त भाव कळतो म्हणणाऱ्यांनी हे एकदा वाचावं.

‘देश गरीब का?’ हा प्रश्न बदलला तो सत्तरच्या दशकात. 1973च्या फेरा (परकीय चलन नियमन) कायद्यामुळे अनेक परदेशी कंपन्यांना आपले शेअर भारतीयांना द्यावे लागले, तेही सरकारने बांधलेल्या स्वस्त भावात. फोर्टातल्या कचेऱ्यांतून कर्जत-कसारा लोकलने परतणाऱ्या नोकरदाराच्या पिशवीत शेअर-इश्यूचे फॉर्म दिसू लागले. त्याच सुमारास डोंबिवली नागरी (1970), ठाणे जनता (1972) आणि कल्याण जनता (1973) या सहकारी बँका उभ्या राहिल्या. म्हणजे ज्या माणसाने कंपनीचा शेअर घेतला, तोच गावातल्या बँकेचा सभासदही झाला. पुढे 1992चा शेअर घोटाळा झाला, 2001मध्ये युनिट ट्रस्टच्या यूएस-64 योजनेतले पैसे अडकले, आणि ‘देश’ मागे पडून ‘माझी ठेव’ पुढे आली. त्यात गैर काहीच नाही. फक्त वाचन एकदम अमेरिकेतल्या श्रीमंतांकडे वळलं आणि मधला टप्पा वाचायचा राहून गेला.

तो टप्पा म्हणजे आपल्या सहकारी बँकेचा वार्षिक अहवाल. ग्रॅहमचे 1929च्या शेअर बाजाराच्या पडझडीत हात चांगलेच पोळले होते. 1934च्या ‘सिक्युरिटी अ‍ॅनॅलिसिस’मध्ये त्याने सांगितलं ते एवढंच: कंपनीचे हिशेब वाचा. आपण त्याचं पुस्तक शिफारशीने घेतो आणि आपल्याच बँकेचा ताळेबंद रद्दीत टाकतो. ठेवीला विमासंरक्षण आहे, पण ते एका बँकेत एका ठेवीदाराला पाच लाखांपर्यंत. 2020पूर्वी तर एक लाखच होतं. आपण बँकेचे जे भाग घेतो, त्यांना कसलंच संरक्षण नाही. सहकारात भाग कितीही असले तरी मत एकच, म्हणून छोट्या सभासदाचा प्रश्न मोठ्याच्या प्रश्नाइतकाच वजनदार. पण तो प्रश्न सहसा लाभांशाच्या टक्क्यापाशी संपतो.

म्हणून माझी शिफारस वेगळी आहे. यंदा अहवाल हाती आला की अध्यक्षांचं मनोगत सोडून द्या. ढोबळ अनुत्पादित कर्जं (ग्रॉस एनपीए) किती, त्यांच्यासाठी तरतूद किती, भांडवल पर्याप्तता किती, हे तीन आकडे गेल्या वर्षीच्या आकड्यांशेजारी मांडा. काही खटकलं तर सर्वसाधारण सभेआधी लेखी प्रश्न द्या. ग्रॅहम त्यानंतर वाचलात तरी चालेल.