बदलीचा न्याय

सरकारी नोकराला धाक घालावयाचा झाल्यास "गडचिरोलीला पाठवीन" असे म्हणण्याची महाराष्ट्रात जुनी रीत आहे. हे बोलणाऱ्याच्या मनात एक प्रश्न कधी येत नाही. ज्या ठिकाणी जाणे ही शिक्षा, त्या ठिकाणी जन्मास आलेल्या मुलांनी कोणता गुन्हा केला?

हा प्रश्न शिक्षकांच्या बाबतीत अधिक बोचतो. पूर्वी जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शिक्षकांच्या बदल्यांत वशिल्याचा बोलबाला असे. ज्याची ओळख मोठी तो तालुक्याच्या गावी, ज्याला कोणी नाही तो वर्षानुवर्षे डोंगरात. २७ फेब्रुवारी २०१७ च्या शासन निर्णयाने ह्याला आळा घालण्याचा प्रयत्न झाला. गावांची अवघड व सर्वसाधारण अशी विभागणी झाली आणि अवघड क्षेत्रात तीन वर्षे काढलेल्या शिक्षकाला बदली मागण्याचा अधिकार मिळाला. सोप्या जागी दीर्घकाळ राहिलेले बदलीस पात्र ठरले. आजारी, अपंग, विधवा ह्यांचा व पति-पत्नींना जवळ आणण्याचा विचार झाला. बदल्या संगणकावर होऊ लागल्या. ७ एप्रिल २०२१ रोजी हे नियम सुधारण्यात आले.

ह्यामागचे तत्त्व आम्हांस रास्त वाटते. ओझे उचलणे भागच असेल तर ते सर्वांनी पाळीपाळीने उचलावे. सवलत ही दयेने न मिळता नियमाने मिळावी, म्हणजे मागणाऱ्याला कोणापुढे हात पसरावा लागत नाही. परंतु संगणक कागद पाहतो, माणूस पाहत नाही. खोटा दाखला जोडून जो सोपी जागा पटकावतो, तो सरकारला फसवतोच. शिवाय ज्याचा खरोखर हक्क होता अशा आपल्याच एका बांधवाला तो डोंगरावर ढकलतो.

तथापि हा सारा न्याय शिक्षकाशिक्षकांतला झाला. मुलांचे काय? नंदुरबारच्या धडगाव भागात मूल घरी भिली किंवा पावरी बोलते, भामरागडला माडिया. नवा गुरुजी येतो, त्याचे मूल ऐकते, पण समजत नाही. वर्षा-दोन वर्षांत गुरुजीला मुलांची भाषा थोडी येऊ लागते, मुलांची भीड चेपते, आणि तोच त्याच्या तीन वर्षांचा हिशेब पुरा होतो. मग पुन्हा नवा माणूस, पुन्हा पहिला धडा. शिक्षकाला न्याय मिळाला, त्याचे मोल मात्र मुलाने दिले.

२००९ च्या शिक्षण हक्क कायद्याने साठ मुलांपर्यंतच्या प्राथमिक शाळेस किमान दोन शिक्षक ठरविले आहेत आणि शाळेतील रिक्त जागा दहा टक्क्यांहून अधिक नसाव्यात असे म्हटले आहे. पण दोनशिक्षकी शाळेतून एक गेला की निम्मी शाळाच रिकामी होते! उरलेला एकटा साऱ्या इयत्ता सांभाळतो, आणि सरकारी कागद भरावयाचे तेही त्यानेच.

मग शिक्षकाला तेथेच डांबून ठेवावे काय? मुळीच नाही. त्यालाही म्हातारे आईबाप आहेत, शिकणारी मुले आहेत. मनाविरुद्ध अडकलेला मनुष्य वर्गात उभा राहील, पण शिकवील असे नाही. आमच्या मते खरा न्याय तीन गोष्टींत आहे. जाण्याचा अधिकार अबाधित असावा, पण बदली शिक्षक हजर झाल्यावाचून कोणास सोडू नये. जो आपखुशीने राहील त्याला राहावयास बरे घर व सेवेत मान मिळावा. आणि त्या भागातील शिकलेल्या मुलामुलींना शिक्षक होण्यास साह्य व्हावे, कारण त्यांना तेथे जाणे ही शिक्षा नसून ते घरी जाणे आहे.

आम्हां इस्राएलवासीयांस हे परके नाही. येथेही दूरच्या नव्या गावांत शिक्षक मिळेनात, तेव्हा सैन्यातील तरुणींना शिकविण्यास पाठविण्यात आले. त्यांचे काम मोलाचे, पण त्यांच्या सेवेचीही मुदत संपतच असे. आपल्यापैकी अनेकांच्या वाडवडिलांनी कुलाब्याच्या खेड्यापाड्यांत मराठी मुळाक्षरे गिरविली. तेथवर पायी चालत गेलेला कोणी गुरुजी होता, म्हणूनच आज आपण हे पान वाचू शकतो. बदलीच्या यादीत शिक्षकांची नावे असतात, मुलांची नसतात. नियम करणाऱ्यांनी ती न लिहिलेली नावेही वाचावीत, एवढीच आमची अपेक्षा.