वरून धार

मुलाने टचलेस नळ आणला तो 2021च्या दिवाळीआधी. दुधाच्या पिशव्या साबणाने धुण्याचे दिवस नुकतेच सरले होते. शिवाय कणकेच्या हाताने नळ सोडायचा आणि मग तो नळच पुसत बसायचं, हा आमच्या हिचा जन्माचा वैताग.

प्लंबरने सिंकखालचे अँगल कॉक बंद करून जुना नळ काढला. नवा जोडण्याआधी त्याने पाइपाचं तोंड बादलीत धरून पाणी भसाभसा सोडलं. तांबडा गाळ आला. म्हणाला, "हे वॉल्व्हमध्ये गेलं असतं ना काका, तर आठवड्यात नळ मुका." नळाच्या तळाशी डोळ्यासारखी काच आहे. तिच्यातून न दिसणारा किरण निघतो, हातावर आपटून परत आला की सिंकखालच्या पेटीतला वॉल्व्ह 'टक्' करून उघडतो. चार पेन्सिल सेलवर एवढा कारभार.

पण धार आली ती करंगळीएवढी. आमचा फ्लॅट सगळ्यात वरचा, टाकी डोक्यावर जेमतेम चार मीटर. दहा मीटर उंचीला साधारण एक बार दाब मिळतो. आमच्या वाट्याला अर्धासुद्धा नाही, आणि या वॉल्व्हला निदान अर्धा लागतो. पुढे पंप बसवला. पण त्या दिवशी ती बारीक, सलग धार बघत मी उभाच राहिलो. अशी धार मला धरता येत असे.

वाईच्या घरी नळ होता, पण देवाला आणि सोवळ्याच्या स्वयंपाकाला आजी विहिरीचंच पाणी घेई. नळात चामड्याचा वायसर असतो म्हणे. लाकडं फोडायला एक म्हातारे यायचे. दुपारी ते अंगणाच्या कडेला उकिडवे बसत, ओंजळ तोंडाशी नेत, आणि मी पायरीवर उभा राहून तांब्यातून वरून पाणी घालायचो. तांब्या त्यांना लागता कामा नये, ओंजळ भरून सांडता कामा नये, आणि एक थेंबही उलटून माझ्यावर उडता कामा नये. उडाला तर पुन्हा आंघोळ. मी त्यात तरबेज होतो, आणि खोटं कशाला बोलू, त्याचा मला अभिमान होता. 1964 साल असेल. अस्पृश्यता गुन्हा ठरवणारा कायदा 1955चा. मीही 55चाच.

कोरोनात व्हॉट्सअॅपवर रोज एक तरी निरोप यायचा, की सोवळं म्हणजे आपल्या पूर्वजांचं जंतुशास्त्र. मलाही ते क्षणभर बरं वाटायचं. आजीची बाजू सावरली जाते ना! पण हिशेब जुळत नाही. जंतू धुतला की जातो, मग हात कुणाचाही असो. आमच्या अंगणात तसं नव्हतं. थेंब माझ्यावर उडाला तर दोन तांबे डोक्यावर घेऊन मी शुद्ध. तोच थेंब ज्यांच्या ओंजळीतून उडाला, त्यांना मात्र कृष्णेत दिवसभर बुडून बसले तरी शुद्ध होता येत नव्हतं. पाणी एकच, आणि ते एकाचा विटाळ धुतं, दुसऱ्याचा नाही. मग तो विटाळ पाण्याने धुतला जाणारा होता की नव्हता? हा प्रश्न मला नवव्या वर्षी पडला नाही, साठीनंतर पडला, तोही एका नळापुढे.

आणि धर्म म्हणावा, तर संध्येत पाण्याला हात लागल्याशिवाय पान हलत नाही. आचमनाचं पाणी तळहाताच्या खळग्यातच घ्यावं लागतं. मुंजीत मला तेच आधी शिकवलं होतं. म्हणजे माझ्या हाताने पाणी पवित्र राहतं आणि मलाही पवित्र करतं. हात दुसऱ्याचा असला की शास्त्र पालटतं.

महाडचं चवदार तळं 1924 साली नगरपालिकेने सगळ्यांना खुलं केलं, कागदावर. 20 मार्च 1927ला बाबासाहेबांनी त्यातलं पाणी ओंजळीने प्यायलं. वरून कुणी घातलेलं नाही, वाकून, स्वतः घेतलेलं. नंतर गावातल्या सनातन्यांनी 108 मडकी दूध, दही, शेण, गोमूत्राने भरून मंत्र म्हणत तळ्यात बुडवली. गुरं त्याच तळ्यावर पाणी पीत, त्याचं काही नव्हतं. त्या मडकी बुडवणाऱ्यांत माझ्या आजीच्या पिढीचे लोक होते. चांगले, दानधर्म करणारे असतील. मला तेच जास्त टोचतं.

नळाकडे परत येतो. हा नळ काळा लोखंडी तवा ओळखत नाही. स्टीलचं पातेलं सिंकमध्ये राहिलं तर आपला आपण वाहत बसतो, तव्यापुढे मात्र ढिम्म. काळा रंग किरण गिळून टाकतो, परत पाठवत नाही. 2017 साली साबणाच्या अशाच एका यंत्राचा व्हिडिओ जगभर फिरला होता: गोऱ्या हाताला साबण, काळ्या हाताला नाही. यंत्राच्या मनात काही नसतं हे खरं. माझ्याही मनात काही नव्हतं, तांब्या धरताना.

देखभाल म्हणाल तर फार नाही. टँकरच्या पाण्याने तोंडाच्या जाळीवर क्षार धरतात, ती महिन्याने काढून व्हिनेगरमध्ये बुडवायची. काचेला घासणी लावायची नाही, मऊ फडकं. आणि सेल संपत आले की दिवा लुकलुकतो, तेव्हाच बदलायचे. गेल्या महिन्यात मी तो दिवा दोन दिवस नुसता पाहिला.

मावशी भांडी घासत होत्या, दोन्ही हात कोपरापर्यंत साबणाने माखलेले, आणि नळ गेला. या नळाला हाताने सोडायची दांडीच नाही. मी पिंपातून तांब्या भरून आणला आणि त्यांच्या हातांवर पाणी घालू लागलो. बारीक, सलग, मधोमध. साठ वर्षांत हात विसरला नव्हता. शेवटी थोडं पाणी सिंकच्या काठावर आपटून उडालं, आणि माझा पाय आपोआप मागे सरकला.

मावशींनी पाहिलं की नाही, कळलं नाही. हात पदराला पुसत त्या म्हणाल्या, "येताना सेल आणू का काका? बारकेच लागतात ना याला?"