एकावन्नाव्या वर्षी काढलेलं युद्ध

दिवाळी अंकांची चित्रं करताना रात्रीचा दिवस करायचा, ही सवय मला तरुणपणीच लागली. जागरण केलं नाही तर काम मनापासून केलं नाही, अशी आमच्या धंद्यातली समजूत. जपानी चित्रकथाकार शिगेरू मिझुकींचं काम वाचत गेलो, तशी ही समजूत खोटी वाटू लागली.

मिझुकी जन्मले १९२२ साली, वाढले साकाईमिनातो या बंदराच्या गावात. तिथं नोननोनबा नावाची एक म्हातारी त्यांना योकाईंच्या, म्हणजे भुताखेतांच्या गोष्टी सांगायची. मग दुसऱ्या महायुद्धात सैन्यात भरती झाली आणि रवानगी थेट पॅसिफिकमधल्या न्यू ब्रिटन बेटावर. तिथं हल्ल्यात त्यांची तुकडी कापली गेली. हा एकटा जंगल तुडवत तळावर परतला, तर वरिष्ठांचा सवाल असा, की बाकीचे मेले आणि तू जिवंत का आलास? पुढे हिवतापानं पडून असताना बॉम्बहल्ल्यात डावा हात गेला.

युद्धानंतरची वर्षं ओढगस्तीची. आधी कामिशिबाईसाठी चित्रं काढली. आपल्या पिंगुळीच्या चित्रकथीसारखाच चित्रं दाखवून गोष्ट सांगण्याचा तो प्रकार. मग भाड्यानं वाचायला मिळणाऱ्या पुस्तकांसाठी मांगा, म्हणजे जपानी कॉमिक्स. कागद उरलेल्या डाव्या खांद्यानं दाबून धरायचा आणि उजव्या हातानं रेघ ओढायची. थडग्यात जन्मलेल्या किटारो या त्यांच्या योकाई पोरानं त्यांना घराघरांत पोचवलं, पण तोवर त्यांची चाळिशी उलटली होती.

युद्धावरचं त्यांचं मोठं पुस्तक, ‘सोइन ग्योकुसाई सेयो’, आलं १९७३ मध्ये. त्यातल्या गोष्टीत आत्मघातकी हल्ल्यातून काही सैनिक वाचतात. पण ते धारातीर्थी पडल्याची खबर वर गेलेली असते, म्हणून त्यांना पुन्हा मरायला पाठवलं जातं. सैनिकांचे चेहरे मिझुकींनी दोन-चार रेघांत उरकलेत, अगदी गमतीदार. मागची झाडी मात्र पान न् पान, ठिपका न् ठिपका रेखून काढलेली. एक जण तर तोंडात धरलेला मासा घशात अडकून मरतो. आणि शेवटच्या पानांवर ती गमतीदार माणसं नाहीशी होतात. उरतात खरीखुरी, सडत चाललेली प्रेतं. चित्रकार म्हणून मला इथं फार शिकायला मिळालं. शैली बदलण्याचा इतका रास्त क्षण मी दुसरीकडे पाहिलेला नाही. ज्या खऱ्या प्रसंगावर ही गोष्ट बेतलीय, त्यातून प्रत्यक्षात काही जण वाचले होते. मिझुकींनी पुस्तकात कुणालाच वाचवलं नाही, आणि मला ते पटतं.

हे पुस्तक पंचविशीत झालं असतं तर नुसता आक्रोश झाला असता, असं माझं मत आहे. संताप एकावन्नाव्या वर्षीही तेवढाच आहे, पण हात स्थिर आहे. पुढे साठी ओलांडल्यावर त्यांनी जपानच्या शोवा काळाचा, म्हणजे सम्राट हिरोहितोंच्या राजवटीचा, अख्खा इतिहास चित्रांत मांडला. त्या म्हातारीवरच्या ‘नोननोनबा’ या पुस्तकाला फ्रान्समधल्या अंगुलेम कॉमिक्स महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला तो २००७ साली, पंचाऐंशीच्या घरात.

तेझुका आणि इशिनोमोरी हे नामवंत मांगाकार रात्र रात्र जागल्याच्या बढाया मारायचे आणि आपण मात्र पोटभर झोपायचो, असं मिझुकींनी एका छोट्या मांगात रंगवलंय. ते दोघेही साठाव्या वर्षी गेले. मिझुकी गेले २०१५ मध्ये, त्र्याण्णवाव्या वर्षी.

त्यांच्या युद्धपुस्तकाचा इंग्रजी अनुवाद मिळतो. मिझुकी वाचायचे असतील तर किटारो नंतर घ्या. सुरुवात इथून करा.