मूळचे कुठले?



रविवारच्या मिस्सानंतर चर्चच्या आवारात नवे कुटुंब दिसले, की कोणीतरी आपुलकीने विचारतेच, "तुम्ही मूळचे कुठले?" आपला परिसर तर बाहेरून आलेल्या माणसांचाच. मोहोन्याच्या एनआरसी कारखान्याने नाना ठिकाणची कुटुंबे इथे आणली. कारखाना २००९ मध्ये बंद पडला, माणसे इथलीच झाली. तेव्हा कोण कुठला हे जाणून घ्यावेसे वाटले, तर त्यात गैर काही नाही.

तरीही मागे आम्हीच एकदा चुकलो. नगरकडून आलेल्या एका तरुणाने आपले नाव सांगितले. आडनाव अस्सल मराठी. आम्ही सहज विचारले, "म्हणजे तुम्ही नंतर ख्रिस्ती झालात?" तो नुसता हसला, पण पुढचे दोन रविवार शेवटच्या बाकावर बसला. तुम्ही नंतरचे, आम्ही आधीचे, असे आमच्या प्रश्नात दडले होते आणि ते त्याला ऐकू गेले होते.

वास्तविक वसईकडची डिसोजा, परेरा ही आडनावेही पोर्तुगीज अमलात, १५३४ ते १७३९ या काळात, बाप्तिस्म्याबरोबरच आलेली. प्रत्येकाचे घराणे केव्हातरी 'नंतर'च ख्रिस्ती झाले आहे. पण 'आधी कोण होता?' या प्रश्नाचा भार सर्वांवर सारखा पडत नाही. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातींचा दर्जा हिंदूंपुरता ठेवला. पुढे १९५६ मध्ये शिखांना व १९९० मध्ये बौद्धांना तो मिळाला. दलित ख्रिस्ती बांधवांना अजून नाही. त्यांची जात सरकारदरबारी धरली जात नाही आणि चर्चच्या आवारात मात्र विसरली जात नाही.

नुसत्या गावाच्या नावावरून माणूस ठरवला गेला की कसे वाटते, हे आपल्यालाही ठाऊक आहे. आंबिवली म्हटले, की काहीजण लगेच इराणी वस्तीवरच्या पोलीस छाप्यांचा विषय काढतात. त्या वस्तीतल्या निरपराध मुलांना काय वाटत असेल? नाझरेथचे नाव ऐकताच नथनेलनेही, तिथून काय चांगले निघणार, अशी शंका घेतली होती.

मग विचारूच नये काय? तसेही नाही. ज्याला कोणी काहीच विचारत नाही, तो आपल्यात असूनही परका राहतो. याकोबाच्या विहिरीवर प्रभू येशूने शमरोनी स्त्रीला प्रथम कूळ विचारले नाही, पाणी मागितले. यहुदी आणि शमरोनी यांच्यातला भेद तिनेच काढला. प्रभूने तो नाकारला नाही. पण त्यावरून तिची किंमतही ठरवली नाही. पुढे तिच्या गावात तो दोन दिवस राहिला.

यातून आपण एवढे शिकावे: विचारण्याआधी आपले सांगावे, कशासाठी विचारतो आहोत हे मनाशी तपासावे, आणि समोरचा थांबला, की आपणही थांबावे. सोयरीक जुळवताना तर हे अधिकच पाळावे.

त्या तरुणाची आम्ही क्षमा मागितली. तो थोडा वेळ गप्प राहिला आणि मग म्हणाला, "फादर, तुम्ही मूळचे कुठले?" त्या दिवशी आमच्या आजोबांपासून सुरुवात झाली. त्याच्या आजोबांची गोष्ट त्याने पुढे आपणहून सांगितली.

प्रभू आपणा सर्वांना आशीर्वाद देवो.

आपले धर्मगुरू