उत्तर न देणाऱ्याची समज

माणसाला भाषा समजली की नाही, हे आपण बहुधा त्याच्या उत्तरावरून ठरवितो. उत्तर नीट आले तर समजले. आले नाही, अडखळत आले किंवा भलत्याच भाषेत आले तर समजले नाही, असा आपला रोजचा हिशेब असतो. हा हिशेब सोयीचा आहे, यात शंका नाही. तो न्याय्य आहे काय, हा प्रश्न मात्र आम्हांला महत्त्वाचा वाटतो; कारण त्याच हिशेबाने आपल्या घरांतील काही माणसांवर नकळत अन्याय होत आहे.

आपल्या उपनगरांत या प्रश्नाला विशेष धार आहे. अंधेरी, बोरिवली, मुलुंड, घाटकोपर या भागांतील कित्येक कॅथलिक घरांत एकाच जेवणाच्या मेजावर तीन-चार भाषा नांदतात. गावठाणातल्या ईस्ट इंडियन आजीची मराठी बोली, गोव्याहून किंवा मंगळुराहून आलेल्या सुनेची कोकणी, नातवंडांची शाळेतली इंग्रजी आणि रस्त्यावरची हिंदी. ज्या समाजाने 1887 साली आपल्या संघटनेसाठी ‘ईस्ट इंडियन’ हे इंग्रजी नाव पत्करले, त्याच समाजाने घरातली मराठी पिढ्यान्‌पिढ्या सांभाळली, हीदेखील ध्यानात घेण्याजोगी गोष्ट आहे. आज त्या घरांत आजी मराठीत विचारते आणि नातू इंग्रजीत उत्तर देतो. आजीला वाटते, याला माझी भाषा येत नाही. नातवालाही तसेच वाटते. पण आजीने सांगितलेली वस्तू तो बिनचूक उचलून आणतो! मग न येणारी गोष्ट नेमकी कोणती?

याचे उत्तर शोधण्यासाठी समजण्याची क्रिया जरा जवळून पाहू. बेकरीच्या दुकानात कोणी म्हणतो, ‘पाव किलो नानकटाई आणि सहा पाव द्या.’ पहिला ‘पाव’ चतुर्थांश, दुसरा पोर्तुगिजांबरोबर आपल्याकडे आलेला. ‘देवा, मला पाव’ असे कोणी म्हटले, तर तिसराच अर्थ. दुकानदार क्षणभरही गोंधळत नाही. डेव्हिड स्विनी या अमेरिकी अभ्यासकाने 1979 साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांतून असे दिसले की, अनेकार्थी शब्द कानी पडताच त्याचे निरनिराळे अर्थ मनात क्षणमात्र एकदम जागे होतात आणि संदर्भाला न जुळणारे अर्थ लगेच मावळतात. ही निवड आपल्या नकळत होते. वरवर स्वस्थ बसलेला श्रोता आत किती काम करीत असतो!

शिवाय मन वाक्य संपण्याची वाट पाहत बसत नाही. मराठीत क्रियापद बहुधा शेवटी येते. तरी ‘आजीने नातवाला’ एवढे ऐकताच देणारा कोण आणि घेणारा कोण, याचा अंदाज आपण ‘ने’ आणि ‘ला’ यांवरून बांधू लागतो. तो अंदाज मोडला की मेंदू दचकतो. मार्टा कुटास आणि स्टीव्हन हिलयार्ड यांनी 1980 साली दाखविले की, वाक्यात अर्थाला न जुळणारा शब्द आला की सुमारे 400 मिलिसेकंदांनी, म्हणजे अर्ध्या सेकंदाच्या आत, मेंदूच्या विद्युत्‌लहरींत ठरावीक फरक उमटतो. ‘सकाळी आम्ही चहात बुडवून छत्री खाल्ली’ या वाक्यातील ‘छत्री’पाशी असेच घडेल. ऐकणाऱ्याने तोंडातून अवाक्षर काढलेले नसते. तरी समज आपले काम करून मोकळी झालेली असते.

समजणे आणि बोलणे या दोन क्रिया एकमेकींपासून विलग होऊ शकतात, हे वैद्यकाला रुग्णांनी शिकविले. 1861 साली पॅरिसजवळच्या बिसेत्र रुग्णालयात पॉल ब्रोका या शल्यविशारदाने एका रुग्णाची तपासणी केली. त्या माणसाची वाचा वीस वर्षांहून अधिक काळ गेलेली होती. तो जवळजवळ ‘तान’ एवढाच ध्वनी उच्चारीत असे आणि त्यामुळे सगळे त्याला ‘तान’ म्हणूनच ओळखीत. परंतु विचारलेले त्याला बरेचसे कळे. संख्या तो बोटांनी दाखवी. त्याच्या मृत्यूनंतर मेंदूच्या डाव्या अर्धगोलाच्या पुढच्या भागात इजा आढळली. पुढे 1874 साली कार्ल वेर्निके या जर्मन वैद्याने उलट प्रकारच्या रुग्णांचे वर्णन केले. त्यांची इजा डाव्याच बाजूला, पण मागच्या भागात होती. ते भराभर बोलत. मात्र बोलण्यात अर्थ फारसा नसे आणि इतरांचे बोलणे त्यांना नीट उमगत नसे.

नंतरच्या संशोधनाने ही विभागणी इतकी रेखीव नसल्याचे दाखविले आहे. वाचा गेलेल्या रुग्णांनाही गुंतागुंतीच्या वाक्यरचना समजायला जड जातात, आणि भाषेचे काम मेंदूच्या एखाद्या कोपऱ्यात नव्हे, तर दूरवर पसरलेल्या जाळ्यात चालते. तथापि मूळ धडा कायम आहे. समज असून वाचा नसू शकते आणि वाचा असून समज नसू शकते.

हा धडा केवळ रुग्णांपुरता नाही. तान्ह्या बाळाचेच पाहा. अँथनी डीकॅस्पर आणि विल्यम फायफर यांनी 1980 साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात तीन दिवसांच्या आतली अर्भके परक्या स्त्रीपेक्षा आईचा आवाज ऐकण्यासाठी अधिक धडपडत असल्याचे दिसले. कॅनडातील जॅनेट वर्कर आणि रिचर्ड टीस यांनी 1984 साली त्याहून नवलाची गोष्ट मांडली. इंग्रजी बोलणाऱ्या घरांतील सहा ते आठ महिन्यांची बाळे आपल्याकडच्या ‘त’ आणि ‘ट’ यांतला भेद ओळखीत; वर्ष पुरे होण्याच्या सुमारास ती क्षमता बहुतेक ओसरलेली असे. न बोलणाऱ्या त्या जिवाचा कान आजूबाजूच्या भाषेप्रमाणे घडत होता. म्हणून आजीने पाळण्याशी केलेले बोलणे वाया जात नाही. संत ऑगस्टीनने आपल्या आत्मनिवेदनात लॅटिन आणि ग्रीक या दोन भाषांच्या शिक्षणाची तुलना केली आहे. लॅटिन तो दायांच्या लाडाकोडात, हसतखेळत शिकला; ग्रीक त्याला धाकदपटशाने शिकविली गेली आणि ती त्याला नकोशी झाली. नातवाच्या अडखळत्या मराठीला हसणाऱ्या आपण वडीलधाऱ्यांनी हे स्मरणात ठेवावे. त्याच्याजवळ समज आहे. नाही ते धैर्य, आणि ते आपल्या हसण्याने खचते.

आता दुसरी बाजू. वाचा आहे, पण समज कोठे आहे, असा प्रश्न प्रार्थनेच्या बाबतीत संत पौलानेच करिंथकरांना केला होता. मंडळीत परभाषेतील शब्दांच्या राशीपेक्षा समजून उच्चारलेले मोजके शब्द त्याला अधिक मोलाचे वाटले. हीच गरज ओळखून 1579 साली गोव्यात आलेल्या थॉमस स्टीफन्स या इंग्रज येशूसंघीय धर्मगुरूने ‘क्रिस्तपुराण’ मराठी ओव्यांत रचले. ते 1616 साली छापले गेले. दुसऱ्या व्हॅटिकन विश्वपरिषदेने 1963 साली उपासनेत लोकभाषांना वाट करून दिली, तीही याच गरजेपोटी.

मग लॅटिन मिस्सेत भक्तिभावाने गुडघे टेकणाऱ्या आपल्या पणज्यांना काहीच समजत नव्हते काय? असे म्हणणे धाडसाचे ठरेल. शब्दाशब्दाचा अर्थ त्यांना ठाऊक नव्हता. पण घंटा कधी वाजते, मस्तक कधी लववायचे, आपण कोणापुढे उभे आहोत, हे त्यांना ठाऊक होते. शब्द कळणे आणि प्रसंग कळणे, या समजण्याच्या दोन पायऱ्या आहेत. लोकभाषेतील उपासनेने पहिली पायरी सुलभ केली. दुसरी आजही प्रत्येकाला स्वतःच चढावी लागते.

या साऱ्या विचाराची खरी कसोटी आजाऱ्याच्या खाटेपाशी लागते. पक्षाघाताने वाचा गेलेला वडीलधारा माणूस घरात असतो. पाहुणे येतात आणि त्याच्यादेखत त्याच्याविषयी बोलतात: औषधांचा खर्च, जागेची अडचण, आणखी किती दिवस. तो उत्तर देत नाही, म्हणून त्याला ऐकू येत नाही असे सगळे धरून चालतात. ‘तान’चे उदाहरण येथे आठवावे. शिवाय अशा अनेक रुग्णांना पाणी मागता येत नसले, तरी लहानपणी पाठ केलेली प्रार्थना, गाणे किंवा आकडे ओळीने म्हणता येतात, हे वैद्यांनी वारंवार पाहिले आहे. अनेक भाषा जाणणाऱ्या रुग्णाची कोणती भाषा आधी परतते, याविषयीही मते मांडली गेली. फ्रान्समध्ये रिबो यांनी सर्वांत आधी शिकलेल्या भाषेकडे बोट दाखविले. पित्र यांनी 1895 साली आजारापूर्वी जी सर्वांत सरावाची होती, तिच्याकडे. कोणताच नियम सर्वांना लागू पडत नाही. म्हणून रुग्णाशी केवळ डॉक्टरांच्या इंग्रजीत न बोलता त्याच्या बोलीतही बोलावे, आणि रुग्णाभ्यंगाच्या वेळी त्याने बालपणी घोकलेला ‘नमो मारिया’ त्याच बोलीत म्हणावा. कोणते दार उघडेल, हे बाहेरून दिसत नाही. सगळी दारे ठोठावणे तेवढे आपल्या हाती आहे.

कोणी म्हणेल, समजते एवढ्यावर समाधान मानले, तर मुले मराठी बोलणारच नाहीत. आक्षेप योग्य आहे. वापरात नसलेली समजही पुढच्या पिढीत झिरपत नाही. आज ऐकून समजणारा नातू उद्या आपल्या मुलांशी कोणत्या भाषेत बोलणार? परंतु त्यावरचा उपाय मौन नव्हे किंवा टोमणाही नव्हे. आजीने बोलत राहावे, चुकीच्या लिंगवचनाला न हसता उत्तराची वाट पाहावी आणि आईवडिलांनी त्या दोघांमध्ये दुभाषी होण्याची घाई करू नये.

बोलणे हे समजेचे एक फळ आहे; ते दिसले नाही म्हणून मूळच नाही, असे मानण्याचा अधिकार आपल्याला नाही. जो उत्तर देऊ शकत नाही, त्याच्याशी बोलत राहण्यात कदाचित आपले काही शब्द वाया जातील. न बोलण्यात मात्र एक माणूस वाया जाण्याचा धोका आहे. या दोहोंतले कोणते नुकसान सोसायचे, हे ठरविणे आपल्या प्रत्येक घराच्या हाती आहे.